तंबाखूच्या डबीतल्या गोळ्या

आमची तपासणी बंदरामागच्या एका खोलीत चालते. बाहेर पाटी साखर आणि रक्तदाबाची. ती खोटी नाही, दोन्ही मी तपासते. पण काही पुरुषांची पडद्यामागे आणखी एक चाचणी होते, एचआयव्हीची. त्यांना घेऊन येतो माझा सहकारी. संस्थेच्या भाषेत तो ‘पीअर’, म्हणजे त्यांच्यातलाच. तो समलिंगी आहे, त्यालाही ही लागण आहे, आणि रोजची गोळी घेऊन तो माझ्यापेक्षा भराभर घाटी चढतो. बोट टोचणं माझं काम, नंतरचं बरंचसं बोलणं त्याचं.

एकदा त्याने एका खलाशाला आणलं. संगमेश्वरकडचा, तिशीतला, लग्न टाळत आलेला. बोट पुढे करून म्हणाला, “बाय, बांगड्याला पन एवढा न्याहाळून कोन टोचत नाय.”

“बांगडा ओरडत नाही. हात सैल सोड.”

पट्टीवर दोन रेघा आल्या, म्हणजे लागण होती. सरकारी दवाखान्यात पुन्हा तपासलं, तिथेही तेच. आजार जुना होता, अंगातली ताकद फार उतरली होती. मी त्याला सांगितलं, रोज एक गोळी, एकही चुकवायची नाही. एवढं केलंस तर म्हातारा होऊन मरशील.

“घेईन वो. पन ठेवू खंय?”

प्रश्न खरा होता. बोट आठवडाभर बाहेर राहणार, सगळे एकाच केबिनमध्ये अंगाला अंग लावून झोपणार. गोळ्यांची बाटली खुळखुळते, वर औषधाचं नाव असतं, आणि ते फोनवर शोधून बघणारा एक तरी बोटीवर असतोच. शेवटी त्यानेच मार्ग काढला. मोठी स्टीलची डबी, तळाशी प्लास्टिकमध्ये बांधलेल्या गोळ्या, वर तंबाखू. त्याच्या गावी बापाच्या डबीला घरात कुणी हात लावत नसे. तेच त्याच्या डोक्यात होतं. माझा सहकारी मासळी विकणाऱ्या घरातला, पण समुद्रावर कधी न गेलेला. आम्हाला दोघांनाही युक्ती पटली.

बोटीवर डबीला मालक नसतो. ज्याची संपली तो शेजाऱ्याच्या उशाखालची उचलतो, विचारत बसत नाही. हे त्याला आमच्यापेक्षा चांगलं ठाऊक होतं, पण भीतीने माणूस रोजचंच विसरतो. जाळं ओढून झाल्यावर तांडेलाने, म्हणजे बोटीच्या म्होरक्याने, डबीसाठी हात पुढे केला. याने ती हातून निसटल्यासारखी पाण्यात सोडली.

हे सगळं आम्हाला फार उशिरा कळलं. तेव्हा एवढंच दिसत होतं, की तो पुढच्या गोळ्यांना आला नाही. फोन बंद. माझा सहकारी जेटीवर गेला. त्याला पाहून बोटीवरचा एकजण ओरडला, “चल रे, तुजी बायको डबा घेवन आली!” सगळे हसले. खलाशी जाळ्यातून मान वर न काढता म्हणाला, “कोन हा? मी नाय वळकत.”

सहकाऱ्याने गिऱ्हाइकासारखे वाटाभर बांगडे घेतले आणि परत येऊन पिशवी माझ्या टेबलावर ठेवली.

“राग आला?” मी विचारलं.

“छे. मी असतो तर शिवीपण घातली असती. पिशवी उचला ताई, वास मारतोय.”

“पुन्हा जाशील?”

“पुन्हा गेलो तर त्यांना संशय येईल, त्याचं बोटीवरचं काम सुटेल.”

मी आग्रह केला नाही. हंगाम संपण्याआधीच तांडेलाने खलाशाला दवाखान्यात आणून टाकलं. क्षयाने पोखरलेला, हाडं तेवढी उरलेली. माझा सहकारी त्याला पेज भरवायचा. तिथे खलाशाने डबीचं सांगितलं.

“दुसऱ्या गोळ्या मागायच्या होत्यास,” मी म्हणाले.

“मागितल्या असत्या. ठेवल्या खंय असत्या?”

गोळ्या पुन्हा सुरू केल्या. शरीराने त्या घेतल्या नाहीत. एका दुपारी तांडेल नवी स्टीलची डबी घेऊन आला आणि त्याच्या उशाशी ठेवून म्हणाला, “घे. जुनी पडली तवापास्नं तू सुकलास, मेल्या.” खलाशाने भिंतीकडे तोंड केलं. त्याच आठवड्यात तो गेला.

आता बोटीवर जाणाऱ्यांना मी सांगते, गोळी सगळ्यांसमोर घ्या आणि साखरेची म्हणा. पित्ताची म्हणू नका, पित्त सगळ्यांना असतं, लगेच मागतील. साखरेची गोळी कुणी उसनी मागत नाही. काहींचं त्यावर निभतंय.

त्या खलाशाचं प्रेत गावी न्यायला गाडी आली, तेव्हा तांडेलाने मला व्हरांड्यात गाठलं. “बाय, नक्की काय झालेलं त्याला?”

“क्षय. फुप्फुसं गेली होती.”

“तंबाखूनं?”

खलाशाच्या गावी आई होती, लग्नाची बहीण होती. मी म्हटलं, “हो, तंबाखूनं.”

त्याने मान हलवली. मग खलाशाच्या उशाशी राहिलेली, त्यानेच परत घेतलेली ती डबी खिशातून काढली, तळहातावर चिमूट घेतली आणि चुना लावून मळायला लागला.