उतारावरचा मंत्र

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, केतकीला तर नाहीच. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही शेखरला ओळखत नव्हता — त्याला ओळखणाऱ्या माणसासमोर माझी जीभ रेटत नाही.

आधी खेळाचं सांगावं लागेल. हसलात तरी चालेल, लोक हसतातच. आम्ही पाचजण, तिशीतली नोकरदार माणसं, दर शनिवारी दुपारी एचएसआर लेआउटमधल्या माझ्या फ्लॅटवर जमायचो आणि खरवंड नावाच्या देशात जायचो. खरवंड कुठेही नाही. तो मी रचलेला. त्याचे डोंगर, राजे, शाप, सगळं माझ्या वहीत. मी सूत्रधार. गोष्ट मी सांगायची, बाकीच्या चौघांनी एकेक पात्र घ्यायचं, फासे टाकायचे, आणि जगायचं किंवा मरायचं. प्रत्येक पात्राचा एक कागद असायचा. नाव, ताकद, जखमा, सगळं त्यावर पेन्सिलीनं लिहिलेलं.

शेखर निपाणीचा. शहराच्या दुसऱ्या टोकाला, पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात सुटे भाग तपासायचा, आणि अर्धी पाळी संपवून दोन बस बदलून यायचा. आमच्यात खेळ सगळ्यात मनावर घेणारा तोच. मंत्राची कल्पनाही त्याचीच.

खरवंडात मेलेला माणूस नदीच्या उतारावर येऊन थांबतो — जिथून पायी पलीकडे जाता येतं, तिथे. मागे राहिलेल्यांनी मंत्र म्हटल्याशिवाय त्याला पाण्यात पाऊल टाकता येत नाही. ‘वाट तुझी, पाणी तुझं, पलीकडचा दिवा तुझा, आम्ही अलीकडे उभे आहोत, तू मागे बघू नकोस.’ मग त्याचं नाव तीनदा घ्यायचं, आणि प्रत्येक वेळी बाकीच्यांनी म्हणायचं, ‘पोचला.’ त्यानंतर कागद फाडायचा. शब्द माझे, नियम शेखरचा: मनात म्हटलेलं चालणार नाही. मोठ्यानं, उभं राहून, चार माणसांत.

एकदा घाईत आम्ही आमच्या पाचातल्या केतकीच्या पात्रासाठी तो म्हणायला विसरलो. मी सूत्रधार, मला गंमत सुचली. पुढच्या प्रत्येक खेळात मी त्या पात्राला उतारावर बसवलं. ओले पाय, मान खाली. जो कुणी तिथून जाईल त्याला ते विचारायचं, कुणी म्हटलं का? शेखरच्या अंगावर काटा आला होता. पुरे कर रे, म्हणाला, म्हणून टाकूया. आम्ही म्हटलं.

मग तो आजारी पडला. काय झालं होतं ते सांगत बसत नाही. चार महिन्यांत माणूस निम्मा झाला. एका दुपारी दवाखान्यात त्यानं उशीखालून स्वतःच्या पात्राचा कागद काढून माझ्या हातात दिला. “माझ्या वेळी म्हणशील ना? सगळा. मोठ्यानं.” आणि हसून, “स्वल्प लाज वाटंल तुला. तरी म्हण.”

मी त्याचा हात हातात घेऊन हो म्हणालो. किती सोपं असतं ना ते?

तो गेला तेव्हा केतकी पुण्यात होती, उरलेले दोघेही बाहेरगावी. त्यांच्यासाठी थांबणं शक्य नव्हतं. विद्युतदाहिनीपाशी आमच्यातला मी एकटाच. त्याचे वडील, निपाणीहून आलेले काका-मामा, कारखान्यातली माणसं. गुरुजींचं आटोपलं. तिथला कर्मचारी कन्नडमध्ये विचारून गेला, “आयता, सार?” — झालं का म्हणून. आणि तेवढ्यात शेखरची मोठी बहीण माझ्याकडे वळली. अक्का म्हणायचे तिला सगळे, मीही.

“शेखर सांगत होता, तुम्ही कायतरी म्हणणार हाय म्हणून. म्हणा की.”

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. एका काकांनी तर हातही जोडले — त्यांना वाटलं असेल, एखादं स्तोत्र. कागद माझ्या शर्टाच्या खिशात होता. शब्द तोंडपाठ होते, माझेच तर होते. आणि मला काय दिसलं, माहीत आहे? मी खरवंडातला मंत्र म्हणतोय आणि हे सगळे एकमेकांकडे बघतायत. बस्स. एवढंच दिसलं.

“नाही हो अक्का,” मी म्हणालो, “तो गंमत करत होता.”

“गंमत?” ती म्हणाली. मग “सरी”, ठीक आहे, म्हणून भावाकडे वळली.

मरणाऱ्या माणसाचं शेवटचं मागणं मी त्याच्या बहिणीसमोर थट्टेवारी नेलं. पण एवढ्यावरही थांबलो नाही. संध्याकाळी केतकीचा फोन आला — म्हटलंस? हो, मी म्हणालो. मोठ्यानं. तीनदा नाव घेतलं. आणि वर, तिनं विचारलंही नसताना, “अक्कानं ‘पोचला’ म्हटलं.” केतकी ढसाढसा रडली. म्हणाली, बरं झालं तू होतास.

याला तीन वर्षं झाली. खेळ अजून चालतो. नव्या माणसांना केतकी ही गोष्ट सांगते, माझ्यासमोर, दरवेळी तितक्याच मायेनं. मी मान खाली घालून ऐकतो, आणि त्यांना वाटतं मी हळवा झालोय. एकदा घरात कुणी नसताना मी उभा राहून मंत्र म्हणूनही पाहिला. मोठ्यानं. शेखर, म्हणालो. ‘पोचला’ म्हणायला कुणी नव्हतं. दुसऱ्यांदा नाव घेववेना.

गेल्या शनिवारी एका नव्या मुलीचं पात्र फिरत फिरत नदीपाशी आलं. तिला यातलं काही ठाऊक नव्हतं. तिनं सहज विचारलं, उतारावर कुणी बसलेलं दिसतंय का? केतकी हसून माझ्याकडे बघत होती. सूत्रधारानं उत्तर द्यायलाच हवं, असा नियम आहे.

कागद माझ्या पाकिटात आहे, न फाडलेला. पेन्सिलीची अक्षरं आता पुसट झाली आहेत, नाव तेवढं वाचता येतं.

नाही, मी म्हणालो. कुणी नाही.