भोंग्याचे एकवीस दिवस

लिफ्ट मध्येच बंद पडून माणसं अडकली की दुरुस्तीवाल्यांची जोडी येते. त्यातला एक वर मशीनरूमकडे धावतो आणि दुसरा बंद दारापाशी फरशीवर मांडी घालून बसतो. हा दुसरा म्हणजे आपला गडी. आत अडकलेल्यांना तो एवढंच म्हणतो, "मी इथेच बसलोय, बोला." आणि स्वतः गप्प होतो. आतली माणसं आधी कंपनीच्या नावाने शंख करतात, मग देवाचा धावा करतात आणि दहाव्या मिनिटाला घरच्या गोष्टी सांगायला लागतात. हा "हं, हं" करत ऐकत राहतो. कॉलेजात या माणसाला भोंगा म्हणायचे, असं सांगितलं तर कंपनीतलं कुणीही हसेल. पण म्हणायचे.

वसतिगृहात दुसऱ्या वर्षाला असताना त्याच्या तोंडात तीळ भिजत नसे. सकाळी दात घासताना कुणी काही बोलून गेलं की दुपारच्या जेवणापर्यंत ते तिन्ही मजल्यांवर पोचलेलं असे, आणि तेही सांगणाऱ्याच्याच आवाजात. रेक्टरांचं खाकरणं, आचाऱ्याचं पुटपुटणं, गणिताच्या सरांचं "समजलं का, नाही समजलं ना, छान", सगळं तो हुबेहूब करी. पोरं पोट धरून हसत. नक्कल आपली नसली म्हणजे माणूस फार मनमोकळा हसतो.

याच वसतिगृहात एक पौरुष मंडळ होतं. त्याचा संस्थापक, अध्यक्ष आणि एकमेव विचारवंत म्हणजे पैलवान. हा तिसऱ्या वर्षाचा, दारातून आत येताना किंचित आडवा व्हावा लागेल अशा खांद्यांचा. मोबाइलवर कुणा उघड्या अंगाच्या माणसाची भाषणं ऐकून त्याला साक्षात्कार झाला होता की पुरुषाने शरीराबरोबर आत्माही कमवला पाहिजे. मंडळाची दहा-बारा पोरं रोज पहाटे साडेपाचला गच्चीवर पाण्याच्या टाकीजवळ जमत, जोर काढत, गार पाणी ओतून घेत आणि ओल्या चड्डीत ध्यानाला बसत. ध्यान शिट्टीने सुरू होई आणि शिट्टीनेच संपे. न हलण्याचा विक्रम अठ्ठावीस मिनिटांचा, अर्थातच पैलवानाचा. त्यातली वीस मिनिटं तो घोरत होता, असं भोंगा म्हणे.

आत्मा हा दंडासारखाच एक स्नायू आहे आणि रोज घाम काढला की तो फुगतो, अशी या पोरांची अगदी प्रामाणिक समजूत होती. नियम कागदावर लिहून टाकीला चिकटवले होते. कुरकुर करायची नाही. घाबरायचं नाही. आणि ठळक अक्षरांत, रडायचं नाही; रडेल तो मंडळाबाहेर. मंडळाबाहेर म्हणजे कुठे, तर जेवणाच्या टेबलावरून, क्रिकेटच्या संघातून आणि संध्याकाळच्या चहातून बाहेर. वसतिगृहात त्याहून बाहेर जागाच नसते.

एके दिवशी भोंग्याने पैलवानाच्या घोरण्याची नक्कल चहाच्या टपरीवर केली. पैलवान मागेच उभा होता.

"तोंड चालवायला ताकद लागत नाही," पैलवान म्हणाला. "बंद ठेवायला लागते. एकवीस दिवस मौन धर. खुणा नाही, लिहिणं नाही. बोललास तर मिशी उतरवायची."

"आणि नाही बोललो तर?"

"तर माझी उतरवतो."

भोंग्याची मिशी म्हणजे दोन वर्षं खतपाणी घालून जेमतेम उगवलेलं पीक. पण पैलवानाची मिशी उतरताना बघायला मिळणार म्हटल्यावर गडी हटतो कसला! दुसऱ्या दिवशी पहाटेपासून त्याने तोंडाला कुलूप घातलं.

पहिले चार दिवस पोरांनी त्याला बोलतं करण्याचे सगळे प्रकार केले. गुदगुल्या झाल्या, पाठीत बर्फ टाकून झाला, त्याच्यासमोर मुद्दाम चुकीच्या नकला करून झाल्या. हा शेवटचा छळ सर्वांत वाईट होता. नवव्या दिवशी तोंडी परीक्षा आली. सरांनी पाच प्रश्न विचारले, भोंगा पाचही वेळा त्यांच्याकडे शांतपणे बघत राहिला. सर म्हणाले, "तुला काही येत नाही हे मला माहीतच होतं. पण थापा न मारता उभा राहिलास, हे आज पहिल्यांदा." आणि त्यांनी त्याला पास केलं.

त्यानंतर मात्र एक विचित्र गोष्ट घडायला लागली. पोरं त्याच्याकडे एकेकटी यायला लागली. भोंगा टोमणा मारू शकत नव्हता, सल्ला देऊ शकत नव्हता, हसला तरी आवाज काढू शकत नव्हता. असा श्रोता वसतिगृहात पूर्वी झाला नव्हता. एकाने सायकलच्या शेडमध्ये सांगितलं की मुलींशी बोलताना त्याला घाम फुटतो. एकाने मैदानावर चालता चालता सांगितलं की त्याला इंजिनिअर व्हायचंच नाही. भोंगा मनात प्रत्येकाची नक्कल बसवत होता. बाविसाव्या दिवशी काय धमाल उडेल, या विचाराने त्याच्या जिभेला खाज सुटे.

एका रविवारी दुपारी तो गच्चीच्या नळावर कपडे धूत होता. पैलवान आला, शेजारी उकिडवा बसला आणि साबणाच्या फेसाकडे बघत राहिला.

"माझा गुडघा माहितीये ना?" तो म्हणाला. सगळ्या कॉलेजला माहीत होता. याच गुडघ्यामुळे पैलवानाची मोठी कुस्ती हुकली होती. "त्याला काही झालेलं नाही. समोरचा गडी बघितला आणि मी घाबरलो. पट्टी बांधून बसलो." मग म्हणाला, "सुट्टीत घरी गेलो की बाबा अजून रोज तेल लावून चोळून देतात. न दुखणारा गुडघा रे. ते चोळतात आणि मी पडून असतो."

आणि एवढा धिप्पाड माणूस हुंदके देऊन रडायला लागला. भोंग्याच्या हातातला शर्ट तसाच राहिला. ही नक्कल मनात बसवायला त्याने सुरुवातसुद्धा केली नाही. त्याला एकदम भीती वाटली, कारण पैलवान जे करत होता ते त्याला स्वतःला जमलं नव्हतं.

भोंग्याची आई आदल्या वर्षी गेली होती. तो दहा दिवस घरी राहून परत आला तेव्हा पोरांना त्याने सांगितलं, आत्येबहिणीचं लग्न होतं. आल्या आल्या रेक्टरांची नक्कल केली आणि सगळ्यांना हसवलं. रडका भोंगा कुणाला हवा असणार? लोक त्याला जवळ करत होते ते हसवण्यासाठी, असं त्याला पक्कं वाटत होतं, आणि हसवणाऱ्याची ती जागा गेली तर आपल्याकडे दुसरं काही नाही, हेही. वर्षभर त्याने ही गोष्ट पोटात ठेवली होती, आणि जग म्हणत होतं याच्या पोटात काही राहत नाही.

एकवीस दिवस भरले, बाविसावी पहाट उजाडली. सहाला मौन सुटणार होतं. सगळं मंडळ गच्चीवर हजर, आणि अर्ध्याअधिक पोरांची तोंडं उतरलेली. ज्यांनी ज्यांनी मन मोकळं केलं होतं त्यांना आता कळत होतं की आपण माकडाच्या हाती कोलीत दिलंय. पैलवानाचा चेहरा तर पांढराफटक पडला होता.

सहाला वीस मिनिटं असताना एका पोराने तक्रार केली. पहिल्या वर्षाचा काडी, मंडळातला सर्वांत किरकोळ सभासद, काल टाकीमागे रडताना सापडला होता. घरून फोन आला होता, त्याचं म्हातारं कुत्रं मेलं होतं.

"कुत्र्यासाठी?" कुणीतरी म्हणालं, आणि हशा पिकला.

काडी मान खाली घालून उभा होता. सगळे अध्यक्षांकडे बघायला लागले. पैलवानाने नियमांचा कागद टाकीवरून काढला आणि भोंग्याची नजर चुकवत म्हणाला, "नियम म्हणजे नियम. रडेल तो बाहेर."

भोंग्याच्या जिभेवर एकच शब्द होता, गुडघा. तेवढा उच्चारला असता तर पैलवान जागच्या जागी आडवा झाला असता, काडी वाचला असता आणि वर्षभर पुरेल एवढी मजा झाली असती. पैलवानालाही ते कळत होतं. त्याने डोळे मिटून घेतले होते.

"थांबा," भोंगा म्हणाला.

एकवीस दिवसांनी आलेला तो आवाज गंजल्यासारखा होता. कुणीतरी ओरडलं, "बोलला! बोलला! मिशी गेली!"

"जाऊ दे," भोंगा म्हणाला. "मागच्या वर्षी मी लग्नाला गेलो होतो ना? लग्न नव्हतं. आई गेली माझी."

भोंगा सगळ्या मंडळाकडे वळला.

"तुम्ही म्हणालात, लग्नाची मिठाई कुठेय? मी स्टेशनसमोरच्या दुकानात गेलो आणि एक किलो घेऊन आलो. सगळ्यांना वाटली." त्याने काडीकडे बोट दाखवलं. "हा कुत्र्यासाठी रडला. मला आईसाठी रडता आलं नाही. आता सांगा, कुणाला बाहेर काढायचं?"

पैलवानाने हातातला कागद चुरगळला.

"मी सहा तुकडे खाल्ले होते," तो म्हणाला. "वर म्हणालो होतो, गोड कमी आहे."

मग तो भोंग्यासमोर येऊन बसला. ध्यानाला बसतो तसा ताठ नव्हे, गुडघे पोटाशी घेऊन, लहान मुलासारखा. काडीही येऊन बसला. एकेक करत बाकीचेही बसले.

"कशी होती रे तुझी आई?" पैलवानाने विचारलं.

हे भोंग्याला अजून कुणी विचारलं नव्हतं.

"बडबडी," तो म्हणाला. "माझ्याहून बडबडी."

आणि तो गळा काढून रडायला लागला. सहा वाजून गेले, कॉलेजची वेळ झाली, खाली आचारी नाश्त्यासाठी हाका मारून थकला. गच्चीवरून कुणी हललं नाही.