गाठ मारणारे हात
चारकोलचा वास आला की घाटकोपरच्या आमच्या खोलीतली एक दुपार आठवते. मी तेव्हा अॅनिमेशनची छोटी फिल्म करत होते. एकाच कागदावर चारकोलने चित्र काढायचं, फोटो घ्यायचा, थोडं पुसून पुन्हा काढायचं. पुसल्याचे करडे डाग मागे राहायचे, तेच मला हवे होते. फिल्म गिरणीत तुटलेला धागा जोडणाऱ्या माणसाची, म्हणजे बाबांची होती. बाबा तोवर बरंच विसरायला लागले होते, मला कधी कधी आत्या समजायचे. दोन दिवसांत फिल्म स्पर्धेला पाठवायची होती, म्हणून त्यांना लॅपटॉपवर दाखवली. "गाठ अशी नाय मारत गं," म्हणत त्यांनी हवेतच दोन बोटांनी झरझर गाठ मारली. "परत दाखवा ना," मी म्हटलं आणि ते मोबाइलवर टिपून घेतलं. स्पर्धा सोडून दिली आणि हातांची सगळी चित्रं नव्याने काढली. वर्षभराने गोरेगावच्या एका लहानशा हॉलमध्ये फिल्म दाखवली, तेव्हा बाबा शेजारीच होते. "ह्याचे हात बराबर चालतायत. कुठल्या गिरणीतला हा?" त्यांनी विचारलं. "तुमच्याच," मी म्हटलं. "तरीच," ते म्हणाले. त्यानंतर मी बऱ्याच फिल्म केल्या. इतकी नेमकी दाद कोणी दिलेली नाही.