माकडांचा उपास

विजाक्कांनी उभ्या जन्मात डॉक्टरला दोनच प्रश्न विचारले, आणि दोन्ही माकडांबद्दल. बाकी सगळी वर्षं डॉक्टर बोलायचे आणि त्या पदर सावरून मान हलवायच्या.

विजयमाला हे त्यांचं पत्रिकेतलं नाव. मिरजेच्या पूर्वेला, कर्नाटकाच्या अंगाला असलेल्या एका गावात रामगोंडा पाटलांच्या घरी त्या सून म्हणून आल्या. घर जैनांचं, शेती द्राक्षाची, जोडीला थोडा पानमळा. कंदमुळं घरात येत नसत, पाणी गाळल्याशिवाय कुणी पीत नसे, दिवस मावळायच्या आत जेवणं उरकत. हे सगळं गावातल्या साऱ्याच जैन घरांत होतं. पण विजाक्कांचं जरा पुढचं. चुलीत लाकूड सारायच्या आधी त्या ते जमिनीवर हळू आपटून घेत. आत मुंगी असली तर उतरून जाऊ दे म्हणत. सासू अंबूबाई म्हणायची, "हिची भाकरी हुईपतोर मुंग्यांचं बिऱ्हाड हलतंय, मग आमी जेवायचं."

अशा बाईच्या पदरी सम्मेद जन्माला आला. जावळ काढताना न्हाव्याचा वस्तरा जरासा लागला, तर रक्त थांबेना. हळद दाबली, चुना दाबला. दुपारचं दुपटं संध्याकाळी बदललं तेव्हा तेही लाल झालेलं. रांगायला लागल्यावर गुडघे काळेनिळे होऊन सुजायचे. मिरजेला दाखवलं तेव्हा आजाराचं नाव कळलं. रक्त गोठायला जो रस लागतो, तो ह्याच्या अंगात तयारच होत नाही. आजार होतो मुलग्यांना, पण येतो आईकडून, असं तिथल्या डॉक्टरांनी सरळ सांगून टाकलं. विजाक्कांना आपला भाऊ आठवला. लहानपणी दाढ काढली आणि तो गेला. घरात तेव्हा दैव म्हणून सोडून दिलं होतं.

त्या दिवसापासून अंबूबाईला नवं हत्यार मिळालं. "सुना माहेरनं सोनं आणत्यात. आमच्या सुनंनं ह्ये आणलं." ती हे रागानंच म्हणायची असं नाही. भाजी निवडता निवडता, गप्पांत, शेजारणीसमोर म्हणायची. विजाक्का उत्तर देत नसत. खरं होतं त्याला काय उत्तर द्यायचं?

सम्मेद मात्र आईसारखा गप्प नव्हता. एक गुडघा कायमचा आखडला, काखेत कुबडी आली, पण तोंड थांबलं नाही. "माझं रक्त लय उदार हाय," म्हणायचा, "एकदा द्यायला लागलं की हात आखडत न्हाई." मळ्यातलं काम त्याला झेपणारं नव्हतं. अपंगांच्या कोट्यातून त्याला गावच्या स्टँडवर एसटीडी बूथ मिळाला. पिवळी पाटी, काचेची केबिन, आत लाल आकडे पळणारं मीटर. मुंबईला पोरगा असलेल्या बायका, सौदा विचारणारे द्राक्षवाले, सगळे तिथं यायचे. त्याचा मित्र मानसिंग दिवसभर त्याच्या शेजारी स्टुलावर बसून असायचा. सम्मेद असाच जगला असता. लंगडत, दुखणं सोसत, थट्टा करत. हे मुद्दाम लिहायला पाहिजे, कारण पुढं लोक म्हणाले, ते पोर काय, आज ना उद्या जायचंच होतं. ते खोटं आहे.

डॉक्टर पुष्कर मूळचे वाईचे, दवाखाना साताऱ्यात. रक्ताच्या ह्या आजाराच्या रुग्णांसाठी ते दर महिन्याला सांगलीत एका मंगल कार्यालयात शिबिर घेत. गोड बोलणारे, पोरांची नावं लक्षात ठेवणारे. सत्त्याण्णव साली एका शिबिरात त्यांनी खडू घेऊन फळ्यावर एक गोल काढला आणि म्हणाले की आता आजारावर नाही, आजाराच्या मुळावर औषध येतंय.

त्यांनी समजावलं ते असं. शरीराच्या प्रत्येक पेशीत आईबापांकडून आलेली शिकवण असते, कुठला रस कसा करायचा ह्याची. तिला जीन म्हणतात. सम्मेदसारख्यांच्या शिकवणीत एकाच ठिकाणी चूक आहे. ती चूक खोडता येत नाही, पण बरोबर शिकवण बाहेरून आत पोचवता येते. पोचवायची कशी? तर सर्दीचा विषाणू पेशीत शिरण्यात पटाईत असतो. त्याच्यातला रोग करणारा भाग काढून टाकायचा, त्याच्या पाठीवर बरोबर जीन बसवायचा आणि इंजेक्शननं रक्तात सोडायचा. तो यकृतात जातो, पेशींत शिरतो, ओझं उतरवतो. मग यकृत स्वतःच तो रस करायला लागतं.

विजाक्का सम्मेदच्या कानाशी पुटपुटल्या, "म्हंजे इरजान लावायचं की रं."

डॉक्टरांनी ते ऐकलं आणि खूश झाले. पुढच्या प्रत्येक शिबिरात ते सांगायला लागले, एका ताईंनी किती सुंदर सांगितलं बघा, दुधाला विरजण लावायचं. विजाक्कांना लाज वाटली आणि बरंही वाटलं. वीस वर्षांत त्यांच्या तोंडच्या शब्दाला कुणी चांगलं म्हटलं नव्हतं.

मग डॉक्टरांनी धोके सांगितले. सांगितले नाहीत असं नाही. ताप येईल, अंग दुखेल, यकृताला सूज येऊ शकते, जीन भलत्या जागी जाऊन बसला तर पुढं गाठ होऊ शकते. कंडक्टर थांब्यांची नावं सांगतो तसं सांगितलं. परदेशी कंपनीचा प्रयोग आहे, मुंबईच्या एका खासगी हॉस्पिटलात होईल, काही विचारायचं असेल तर विचारा म्हणाले. रामगोंडांनी विचारलं, पोरगं कुबडी कवा सोडंल? डॉक्टर म्हणाले, आशा ठेवायला हरकत नाही.

मग दुसऱ्या एका पोराच्या बापानं विचारलं, "ह्ये औषध आदी कुणावर करून बघितलं?"

"उंदरांवर. मग माकडांवर."

तेव्हा विजाक्का उठून उभ्या राहिल्या. "ती माकडं हाईत न्हवं अजून?"

डॉक्टरांनी चष्मा काढून पुसला. "काही आहेत. जास्त डोस दिलेली काही मेली."

मागनं कुणीतरी हसलं. "जैनाची बाई, माकडाचीबी इचारपूस करती." सगळा हॉल हसला. डॉक्टरही हसले, आणि त्यांचा चेहरा एकदम हलका झाला. ते प्रेमानं म्हणाले, "ताई, तुमची भावना कळते मला. पण माणसं वाचवायला विज्ञानाला थोडी हिंसा करावी लागते."

झालं. प्रश्न हिंसेचा ठरला. माकडं कशानं मेली हे डॉक्टरांनी सांगितलं नाही, आणि विजाक्कांनीही विचारलं नाही. त्या खाली बसल्या ते पापाचा विचार करत.

परत येताना वडापच्या जीपमध्ये दाटीवाटीनं बसल्यावर त्या म्हणाल्या, "मुक्या जिवांचा जीव घिऊन केल्यालं औषध. आपल्याला पचंल का?"

"माझ्या गुडघ्याला इचार आई," सम्मेद म्हणाला. "त्याला कायबी पचंल." मग बाहेर बघत, "एकदा सायकल मारायची हाय मला. पडलो तरी चालंल."

पोरानं असं काही मागितलं नव्हतं कधी. दुसऱ्या दिवशी विजाक्का अंघोळ करून बस्तीत गेल्या. आमच्याकडं जैन मंदिराला बस्तीच म्हणतात. भगवंतासमोर बसून त्यांनी नियम घेतला, की मेलेल्या माकडांसाठी दर चतुर्दशीला मी निर्जळी उपास करीन. पाप असेल ते माझ्या माथ्यावर घाल, पोराला शिवू देऊ नको. घरी येऊन रामगोंडांना म्हणाल्या, "आवं, मुंबईला कळवा. येतो म्हणावं."

अंबूबाईनं ही गोष्ट गावभर केली. माकडांचा उपास म्हणून त्याला नावच पडलं. चतुर्दशी आली की बायका विहिरीवर विचारायच्या, आज माकडं उपाशी का? विजाक्का हसून घ्यायच्या. त्यांचं मन स्वच्छ झालं होतं. इतकं स्वच्छ, की आता भीतीलाही जागा उरली नव्हती.

इंजेक्शन दिलं त्या सकाळी सम्मेदनं हॉस्पिटलातून आपल्याच बूथवर फोन लावला. मानसिंग बसला होता. "फुकट बोलालोय म्हणून कापू नगंस गड्या," सम्मेद म्हणाला, "परत आलो की सायकल तुझीच घेणार हाय." संध्याकाळी ताप चढला. ताप येणारच होता, सांगितलं होतं. दुसऱ्या दिवशी डोळे पिवळे झाले. मग जे झालं ते विजाक्कांना आजही सांगता येत नाही. ज्या रक्तानं कधी गोठायचं नाव घेतलं नव्हतं, ते नसानसांत भलत्या ठिकाणी गोठायला लागलं, आणि हवं तिथं थांबेना. यकृतानं काम सोडलं. पोट फुगलं, शुद्ध गेली. सम्मेद गेला तेव्हा त्याच्या अंगावर कुठंही जखम नव्हती.

कॉरिडॉरमध्ये डॉक्टर पुष्कर भिंतीला टेकून उभे होते. ते रडत होते, हेही खरं. रामगोंडा विचारत होते, झालं काय, झालं काय. डॉक्टर म्हणाले, शरीरानं त्या विषाणूला शत्रू म्हणून ओळखलं. त्याला मारायला शरीर असं पेटून उठलं की स्वतःचंच घर जाळलं. आणि मग खाली बघून म्हणाले, की ह्या टप्प्यातला डोस बरं करण्यासाठी नसतोच. शरीर किती सोसतं ते बघण्यासाठी असतो. बरं झालं तर ते वरचं.

"म्हंजे कुबडी सुटनार न्हवतीच?" रामगोंडांनी विचारलं.

विजाक्का तेव्हा पुढं आल्या आणि त्यांनी दुसरा प्रश्न विचारला. "माकडं आशीच मेलती?"

"हो," डॉक्टर म्हणाले. "अशीच."

पुढं चौकशीला माणसं आली. डॉक्टरांनी शांतपणे सांगितलं की आम्ही काहीच लपवलं नाही. भर शिबिरात आईनं स्वतः माकडांबद्दल विचारलं, मी मेली म्हणून सांगितलं, त्यानंतर त्यांनी होकार दिला. शिबिरातल्या लोकांना विचारलं, तर सगळ्यांना आठवत होतं. इतकं हसल्यावर कोण विसरेल? विजाक्कांनाही विचारलं. त्या खोटं बोलत नाहीत. व्हय, म्हणाल्या. प्रकरण तिथंच मिटलं.

अंबूबाई म्हणाली, "उपासात कायतरी खोट राहिली आसंल." काही दिवस विजाक्कांनाही तसंच वाटत होतं. पाणी घोटभर गेलं होतं का, मनात राग होता का, आठवून बघायच्या. मग एका सकाळी चुलीपुढं लाकूड आपटताना हात थांबला. आयुष्यभर त्या मुंग्यांना लाकूड आपटून सांगत आल्या होत्या, उतरा, पुढं जाळ हाय. मुंग्या ऐकून उतरत. ह्यांच्या कानाशीही कुणीतरी आपटलं होतं. डॉक्टरच्या तोंडून मेलेली माकडंच सांगत होती. आणि ह्या उतरल्या नाहीत, त्या मुक्या जिवांची कीव करत आतच बसून राहिल्या. देवाला दोष द्यायचीही सोय राहिली नाही.

त्यांनी उपास सोडला नाही. नियम तो नियम. पण आता कुणासाठी करता असं विचारलं तर सांगत नाहीत.

बूथ त्यांनी चालवायला घेतला. मानसिंगनं स्टँडच्या पलीकडच्या बाजूला स्वतःचा बूथ काढला होता. धंदा सम्मेदच्या स्टुलावर बसूनच शिकला होता तो. नव्व्याण्णवच्या दिवाळीनंतरची गोष्ट. कवठे महांकाळकडची एक बाई वडापमधून उतरली. नाव चंद्राबाई, इथं बहिणीकडं आलेली, असं तिनं आल्याआल्याच सांगून टाकलं. कडेवर पाच-सहा वर्षांचं पोर, त्याचा गुडघा फडक्यानं बांधलेला. "आक्का, साताऱ्याला लावायचाय," म्हणाली आणि नंबर पुढं केला. विजाक्कांना तो पाठ होता.

पोराकडं बघून त्यांनी विचारलं, जीनचं का? बाई खुलली. व्हय, म्हणाली, आता नवं औषध आलंय, आधीच्यापेक्षा सुधारल्यालं. डॉक्टर लय चांगलं हाईत. दुधाला इरजान लावत्यात तसं आसतंय म्हनं.

विजाक्कांचाच शब्द फिरून त्यांच्या कानावर आला होता. नंबर फिरवत त्या म्हणाल्या, "बाई, एवढंच इचार. माकडं कशानं मेली ते इचार. एवढं माज्यासाठी इचार."

चंद्राबाईनं त्यांच्या गळ्यातली जपमाळ बघितली, भिंतीवरचा पार्श्वनाथाचा फोटो बघितला, आणि हसली. वाईट नाही, चांगलंच हसली. "आवं आक्का, तुमा जैनांचं लय कडक आसतंय. आमी बकरं खातो, आमाला माकडाचं कसलं पाप?"

पलीकडं रिंग वाजायला लागली. कुणीतरी हॅलो म्हणालं. विजाक्कांनी हात पुढं केला आणि फोन दाबून तोडला.

"पापाचं न्हाई गं," त्या म्हणाल्या. "मरनाचं सांगालोय मी. माझं पोरगं त्यानंच गेलं."

बाईचं हसू गेलं. तिनं पोराला घट्ट धरलं, पण विजाक्कांपासून लांब. अपशकुनी बाईपासून धरतात तसं. "तुमचं गेलं म्हणून आमचंबी जायाला पायजे व्हय?" ती म्हणाली आणि काचेचं दार लोटून बाहेर पडली.

विजाक्का तिच्यामागं रस्त्यापर्यंत गेल्या, हाक मारली. ती वळली नाही. समोरच्या बूथमध्ये मानसिंगनं तिला नंबर लावून दिला. काचेतून दिसत होतं. ती बोलत होती, मान हलवत होती. मधेच तिनं इकडं बोट दाखवून काहीतरी सांगितलं, फोनवरचं उत्तर ऐकलं, आणि हसली. मग दुसरा कान हातानं झाकायला तिनं पोराला खाली उभं केलं, आणि ते भिंतीला धरून एका पायावर तोल सांभाळत उभं राहिलं.