जहाज लागलं

पाण्याची मला लहानपणापासून भीती. माहेर वाईचं, घरातून बाहेर पडलं की समोर कृष्णेचा घाट. पण मैत्रिणी नदीत उड्या मारायच्या तेव्हा मी वर बसून त्यांचे कपडे सांभाळायचे. पुढे कोरेगावला दिलं, तिथल्या शाळेत जन्मभर मराठी शिकवलं. समुद्र पाहिला तो पोरांची सहल घेऊन गेले तेव्हा, तोही वाळूवर उभं राहून. अशा बाईने निवृत्तीनंतर जुन्या शिडाच्या जहाजांचा इतिहास शोधायला घ्यावा, याचं आमच्या ह्यांना अजून हसू येतं.

पण मी काही ठरवून त्यात पडले नाही. जुन्या जहाजांचा नाद असलेल्या लोकांच्या एका ऑनलाइन गटात कुणीतरी मोडी कागदाचा फोटो टाकला होता, आणि माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याने तो मला पाठवला. ‘हे कुणाला वाचता येईल का?’ असं वर विचारलं होतं आणि खाली विद्वानांची चर्चा रंगली होती. फोटो उलटा होता. मी लिहिलं, आधी कागद सरळ करा. मोडी मी वाईला चुलत्यांकडून शिकले होते. फोटो सरळ झाल्यावर वाचूनही दिला, आणि तिथेच अडकले.

गटात देशोदेशीची माणसं. कुणी फक्त शिडांवर बोलतं, कुणी तोफांवर. माझी जोडी जमली ती पोर्तुगालच्या एका म्हाताऱ्या गृहस्थांशी. मोठी जहाजं बंदरात आणून सोडायचं काम त्यांनी आयुष्यभर केलेलं. ते तिकडचे कागद वाचायचे, मी इकडचे. त्यांच्या लोकांनी आमची गलबतं धरली, आमच्यांनी त्यांची; त्यामुळे एकच जहाज दोन्हीकडच्या कागदांत सापडायचं. मनातल्या मनात मी त्यांना फिरंगीमामा म्हणायचे. इंग्रजी त्यांचंही माझ्यासारखंच, मोडकं पण न लाजणारं.

एक गोष्ट मात्र मी गटात कुणालाच सांगितली नव्हती. माझा एकुलता एक मुलगा जहाजावर आहे. तेल वाहणाऱ्या टँकरच्या इंजिनरूममध्ये इंजिनिअर. ह्यांच्या घरात सगळे फौजेतले. हे स्वतः सुभेदार होऊन घरी आले. पोरानेही तेच करावं असं त्यांना फार वाटायचं. मीच आडवी पडले. एका माणसाची वाट बघण्यात माझी अर्धी उमर गेली, आता पोराची नाही बघणार, म्हटलं. व्यापारी जहाजावर गोळ्या थोड्याच चालतात?

चालतात. तो ज्या चिंचोळ्या सामुद्रधुनीतून जायचा तिथे मालवाहू जहाजांवर हल्ले व्हायला लागले होते. टीव्हीवर जळतं जहाज दिसलं की मी चॅनेल बदलायचे आणि मोडी कागद उघडून बसायचे. दोन-अडीचशे वर्षांपूर्वी बुडालेल्या जहाजाची भीती वाटत नाही. त्याचं जे व्हायचं ते होऊन गेलेलं असतं.

त्या दिवसांत आम्ही एका गुराबेच्या मागे होतो. गुराब म्हणजे तोफा घेऊन चालणारं, गलबतापेक्षा मोठं शिडाचं जहाज. किनाऱ्यावरच्या किल्ल्यातून साताऱ्याला आलेल्या एका कागदात तिचा उल्लेख होता. वारं फिरलं, पाऊस आला, आणि ‘गुराब लागली’. त्यापुढचा कागद कसर लागून गेलेला. मी इंग्रजीत लिहून टाकलं, जहाज बंदराला पोचलं. फिरंगीमामांनी विचारलं, नक्की का? कारण त्यानंतर ही गुराब त्यांच्याकडच्या कागदांत पुन्हा कधीच दिसत नव्हती.

मग मी पुन्हा पाहिलं. जहाज बंदराला लागतं तसं खडकालाही लागतं. पुढचा शब्द नसेल तर जहाज वाचलं की फुटलं ते कळायला मार्ग नाही. मी फिरंगीमामांना समजावायला घेतलं: आमच्याकडे स्टँडवर गाडी लागते, म्हणजे येऊन उभी राहते, आणि त्याच गाडीत बसून माणसाला गाडी लागते, म्हणजे उलट्या होतात. फोन लागतो, भूक लागते, आग लागते, पडलं की गुडघ्याला लागतं. माझा मुलगा पहिल्यांदा समुद्रावर गेला तेव्हा त्याने कळवलं होतं, आई, मला जहाज लागतंय. हे शेवटचं मी लिहिलं आणि खोडलं. मामांचं उत्तर आलं, एवढ्या एका क्रियापदावर तुम्ही लोक जगता कसे?

त्यांनीच मला मोबाइलवर एक नकाशा दाखवला होता. जगभरची चालू जहाजं त्यात बारक्या बाणांसारखी दिसतात. प्रत्येक जहाज आपण कुठे आहोत ते सतत कळवत असतं. जुन्या जहाजांचा मार्ग समजावा म्हणून त्यांनी तो दाखवला. मी मात्र दुसऱ्याच दिवशी मुलाच्या टँकरचं नाव घातलं. तेव्हापासून सकाळचा चहा ठेवायच्या आधी मी तो बाण बघायचे. ह्यांना दाखवायला गेले तर म्हणाले, “मी न्हाई बगणार. बगून काय जहाज हाकायचं हाय व्हय?”

आणि मग एका दुपारी बाण गेला. सामुद्रधुनीच्या तोंडाशी शेवटचा दिसला, त्यानंतर काहीच नाही. बाहेर रस्त्यावरून उसाचे ट्रॅक्टर मोठ्याने गाणी लावून कारखान्याकडे चालले होते. मी मोबाइल बंद करून चालू केला. मुलाला फोन लावला, लागला नाही.

“सिग्नल बंद करायचा हुकूम आसंल,” हे म्हणाले. “दुश्मनाच्या हद्दीतनं जाताना आमी बी वायरलेस बंद ठेवायचो. घाबरायचं न्हाई.”

मला त्यांचा राग आला. घाबरायचं नाही म्हटल्यावर घाबरायचं थांबतं असं या माणसाला इतक्या वर्षांनीही वाटतं. मी जेवले नाही. भाकरी थापताना तवा तापायला ठेवलाय हे विसरले. देवापुढे बसले तर डोळ्यांपुढे टीव्हीवरचं ते जळतं जहाज यायचं, आणि इंजिन जहाजाच्या तळाशी असतं हे आठवायचं. वर असलेली माणसं पाण्यात उड्या तरी मारतील. तळातला माणूस वर येईपर्यंत काय?

दिवस गेले आणि बाण आला नाही, तेव्हा मी गटात लिहिलं. आजवर लिहिलं नव्हतं कारण नाव घेतलं की दृष्ट लागेल अशी एक खुळी भीती होती. सरळ लिहिलं, माझा मुलगा या जहाजावर आहे आणि ते दिसत नाही. लिहून झाल्यावर मोबाइल पालथा ठेवला.

पुन्हा उचलला तर गटाने गुराब बाजूला ठेवलेली. शेकडो वर्षांपूर्वीची जहाजं शोधणारी ती माणसं माझ्या पोराच्या जहाजामागे लागली होती. कुणी पलीकडच्या बंदराचं येणाऱ्या जहाजांचं पान उघडून बसलं, कुणी तिथली हवा सांगितली, कुणी त्याच वाटेने गेलेल्या दुसऱ्या जहाजांचेही बाण असेच गेल्याचं दाखवलं. फिरंगीमामांनी लिहिलं, तिथे हल्ली सिग्नल बंद ठेवूनच जातात, तेच बरं असतं. थोड्या वेळाने त्यांनीच आणखी एक ओळ लिहिली: पण तुमच्या जागी मी असतो तर यावर विश्वास ठेवला नसता. ते वाचून मी पहिल्यांदा रडले.

त्याच आठवड्यात दुपारी हे शेतातून घाईघाईने आले. मुलाच्या जहाजावर विट्याचा एक मुलगा आहे. वडील सोनं गाळायच्या दुकानात दूर दक्षिणेत, आई विट्याला. तिचा ह्यांच्या मोबाइलवर फोन आला होता.

“जहाज लागलं म्हनत्यात,” हे म्हणाले.

मी विचारलं, “कुठं लागलं? कशाला लागलं?”

“कुठं म्हंजी? लागलं. येवढंच म्हनल्या आन् फोन कट झाला.” मग जरा थांबून म्हणाले, “रडत व्हत्या.”

“रडत होत्या?”

“बायका आनंदानं बी रडत्यात की.”

ते तसं म्हणाले खरे, पण माझ्याकडे बघत नव्हते. मी विट्याला फोन लावला, व्यग्र. पुन्हा लावला, पुन्हा व्यग्र. मुलाचा फोन बंद. इतके दिवस ज्या शब्दाची मी गटात मजेमजेने फोड करत होते, तो आता माझ्या घरात येऊन बसला होता, आणि त्यापुढचा शब्द नव्हता. किल्ल्यावरून साताऱ्याला कागद आला असेल, आणि किनाऱ्यावरच्या कुणा बाईला ‘गुराब लागली’ एवढंच कळलं असेल, तर तिचं काय झालं असेल, हे मला तेव्हा समजलं. मी भिंतीला धरून खाली बसले. हे माझ्यासाठी पाणी आणायला गेले आणि रिकामा तांब्या घेऊन परत आले.

मोबाइल वाजला तेव्हा तो उचलायला मला जमेना. ह्यांनी माझ्या कानाला लावला.

“आई, जहाज लागलं.” मुलाचाच आवाज.

“तुला लागलं का रं?” मी शाळेतली मराठी विसरून ओरडले.

“अगं, बंदराला लागलं. मी बरा आहे.”

“हात दाखव.”

“आई...”

“व्हिडिओ लाव आणि हात दाखव. दोन्ही.”

त्याने एक दाखवला. मग दुसरा. डाव्या हाताला मनगटापर्यंत पट्टी होती. घाईत तापलेल्या पाइपला हात लागला, म्हणाला, एवढंच. एवढंच होतं की नव्हतं ते त्याचं त्याला माहीत. कसर लागलेले कागद वाचून वाचून न लिहिलेलं थोडंफार कळतं, पण मी विचारलं नाही. परत कधी निघणार, एवढंच विचारलं. तेल उतरवून झालं की, म्हणाला. त्याच वाटेनं.

मी त्याला बजावलं, यापुढे अर्धं वाक्य पाठवायचं नाही. कुठं लागलं, कशाला लागलं, तुला लागलं का, सगळं लिहायचं. गटातही मी माझं इंग्रजी भाषांतर काढून टाकलं आणि तिथे नुसतं ‘लागली’ ठेवलं, देवनागरीत.

जहाज निघालं त्या सकाळी मुलाचा निरोप आला: “आई, जहाज बंदरातून निघालं. मला काही लागलेलं नाही, पट्टी काढली. सामुद्रधुनीत सिग्नल बंद राहील. घाबरू नकोस.” मी तो दोनदा वाचला. एकही शब्द गळला नव्हता, तरी मी नकाशा उघडला.

बाण होता तोवर मी बघत बसले. मग तो गेला. तेवढ्यात हे आत आले, माझ्याशेजारी खाटेवर टेकले आणि म्हणाले, “दाव बरं तो नकाशा.”

मी दाखवला. रिकाम्या निळ्या पाण्याकडे ते बराच वेळ बघत राहिले. मोबाइल डोळ्यांजवळ नेला, मग लांब धरला.

“मी सरहद्दीवर व्हतो तवा तू आशीच बसायचीस व्हय?”

“तेव्हा नकाशा नव्हता,” मी म्हटलं, आणि त्यांना चष्मा आणून दिला.