पाणी द्यायचं, आकडा नाही

अजून किती राहिलं, हे अण्णांनी पळताना कधी कुणाला विचारलं नाही आणि मलाही विचारू दिलं नाही. बसवनगुडीत त्यांचं बटणं-दोऱ्यांचं दुकान होतं, आम्ही शेजारी. दर रविवारी ते मला रामनगरच्या टेकड्यांत पळायला नेत.

मी धापा टाकत "अजून किती, अण्णा?" म्हटलं की ते चिडत. "ती समोरची चिंच दिसते ना? तिथवर चल. स्वल्प, थोडंसंच. मग पुढचं बघू." चिंच आली की ते दुसरं काही शोधत, एखादा खडक, एखादी बकरी. बकरी चालू लागली की माझी पंचाईत व्हायची. त्यांना त्याचं काही नसे.

शर्यतीत पाणी द्यायला उभ्या राहणाऱ्यांना त्यांची ताकीदच होती. "पाणी द्यायचं, आकडा नाही. मन एकदा घरी पोचलं की त्याला पुन्हा डोंगरावर आणता येत नाही."

पन्नास किलोमीटरची एक डोंगरी शर्यत त्यांच्या हातून दोनदा अर्धवट सुटली होती. साठी जवळ आली तेव्हा ते म्हणाले, "एवढी पुरी झाली की दुकानात स्वस्थ बसेन." त्या वर्षी माझा गुडघा दुखावला होता, म्हणून मी शेवटच्या पाण्याच्या टेबलाशी उभी होते. अण्णा आले ते ओळखू येत नव्हते. ओठ पांढरे पडलेले, नजर कुठेच नाही. मला राहवलं नाही. "आता दोनच किलोमीटर, अण्णा!"

होते सहा.

दोन किलोमीटर ते कसेबसे पळाले. पुढे वाट तशीच चढत होती. ते एका दगडावर बसले, ते उठलेच नाहीत. जीपमधून आणलं तेव्हा मी रडत माफी मागितली. "तू मायेनं बोललीस," ते म्हणाले, "मीच ऐकायला नको होतं." पुन्हा ते पळाले नाहीत. दुकानात बसत, पण स्वस्थ नव्हे. मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

तीन वर्षांनी ते हॉस्पिटलात होते. डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून किती दिवस उरलेत ते सांगितलं. डोळे पुसून मी आत आले. अण्णांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि हात वर केला.

"सांगू नको गं. स्वल्प पाणी दे."

खिडकीबाहेरच्या नारळाकडे बघत ते चमचा चमचा पाणी प्यायले. या वेळी मी तोंड उघडलं नाही.