वाटणीतलं घिरट

गोखिवऱ्याच्या पिठाच्या गिरणीत बाकड्यावर तासभर बसा, अंगावर पीठ आणि डोक्यात किस्से, दोन्ही न मागता जमतात. पीठ झटकता येतं. डोक्यात सध्या घिरटाचेच किस्से अडकलेत, ते इथं झटकतो.

घिरट म्हणजे भात भरडायचं मोठं जातं. दोघांनी समोरासमोर बसून फिरवायचं. आमच्या आळीतल्या बाळू आणि हरी या भावांची वाटणी घिरटावर येऊन अडली. दोघांनाही तेच हवं. मग भावकीनं वरचा दगड थोरल्या बाळूला दिला, खालचा धाकट्या हरीला. न्याय झाला! तेव्हापासून भात कुणाचंच भरडलं नाही आणि भाऊ एकमेकांशी बोलले नाहीत.

•

यंदा हरीच्या मुलीचं लग्न ठरलं. त्यांच्यात मुहूर्ताचं भात घरच्याच घिरटावर, घरच्या थोरल्या-धाकट्यानं मिळून भरडायचं. हरी गिरणीत येऊन रडकुंडीला आला. बाकड्यावर टॉवरमधले जोशी सर होते, घाटावरचे, शाळेतून रिटायर्ड. दुसऱ्याचं दुःख ऐकलं की त्यांना व्युत्पत्ती आठवते. म्हणाले, घिरट हा शब्द संस्कृत ‘घरट्ट’वरून आलाय.

मी म्हटलं, छे, घारीवरून. ती वर गोल फिरायची, ते बघून दगड शिकला.

“दगड कधी शिकतो का?” सर तापले.

“मग सर, तुम्ही जन्मभर पगार कशाचा घेतलात?”

लग्न ठरल्यापासून हरी पहिल्यांदा हसला.

•

तेवढ्यात चिंचोटीकडचा एक रिसॉर्टवाला बाळूकडं वरचा दगड मागायला आला. बागेत कारंजं करणार होता. बाळू रागाच्या भरात द्यायला तयार! दगड गेला की मुहूर्त गेला. मी त्या रिसॉर्टवाल्याला बाजूला घेऊन शब्दाचा ‘खरा’ अर्थ सांगितला. अर्धं घिरट ज्याच्या दारात, त्याच्याकडं गिऱ्हाईक नुसतं घिरट्या घालतं, आत शिरत नाही. शब्द तिथूनच आला.

त्यानं अर्धा चहा तसाच ठेवून गाडी काढली. जोशी सर अजून तो अर्थ शब्दकोशात शोधतायत.

•

मग बाळूच्या कानात सोडलं की हरी सातिवलीच्या कारखान्यातनं मोटारवालं घिरट बनवून घेतोय. बटन दाबलं की मुहूर्त.

“आमच्या घरात बटनाचा मुहूर्त? कोन करतो बघू.”

हळदीच्या सकाळी वरचा दगड माझ्या टेम्पोत, आणि शेजारी बाळू. मी फक्त पुतणीसाठी आलोय, असं त्यानं दारात उतरून मला सांगितलं, हरीला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं.

दगडावर दगड बसला. भाऊ समोरासमोर बसले, दोघांनी एकच खुंटा धरला. घिरट हलेना. बाळू आपल्या उजवीकडं ओढतोय, हरी आपल्या. सगळी भावकी बघतेय. नवरीचे डोळे भरून आले.

शेवटी हरी खाली बघत म्हणाला, “दादा, तू नेशील तिकडं.”

“मग हात ढिला सोड ना.”

घिरट फिरलं.

जेवणं झाली आणि बाळू उठला, म्हणाला, वाटणीतला माझा दगड मी परत नेनार. चौघांकडून उचलवून टेम्पोत ठेवला. मी बघतो तर खालचा. वरचा हरीच्याच दारात राहिलेला.

“बाळ्या, हा हरीचा.”

“तू गप. टेम्पो चालू कर.”